फाटकापर्यंतच फौजी

आमच्या ओळीत पेपर दोनच घरी येतो, पण बातमी कुणाचीच चुकत नाही. मधलं कुंपण तारेचं. त्याच्यावर कपडे वाळतात आणि त्याच्यावरून कढीपत्ता, विरजण आणि लोकांच्या घरातलं सगळं काही इकडचं तिकडे होतं. खेरडी म्हणजे सिल्वासाहून खानवेलच्या बाजूला निघालं की लागणारं गाव. आधी कारखाने आले, त्यांच्यामागून आम्ही आलो. ओळीत सातारचे आहेत, धुळ्याचे आहेत, बिहारचे आहेत. इथले मूळचे वारली आमच्याकडे बघून अजून ठरवतायत, हे पाहुणे जाणार तरी कधी.

परवा मी मागच्या दारी भांडी विसळत होते, तर पलीकडून हवालदारीणबाईंचा आवाज चढला. बाई कोरेगाव तालुक्यातल्या. आवाज मुळातच शेताच्या या बांधावरून त्या बांधावर जाणारा, त्यात राग आलेला.

"ऐकलंत का ताई? ह्यांना परत फाटकावरच उभं करायला निघालेत!"

"कोण?"

"कोण म्हणजे काय? कंपनीवाले. मुलाखतीला गेले नव्हते का परवा?"

कंपनीचं नाव इथे घेत नाही. घेतलं तर उद्या माझ्याच घरी माणूस येईल, आणि खरं सांगायचं तर नाव बदललं तरी गोष्ट तीच निघते.

हवालदारसाहेब ईएमईत होते. फौजेच्या गाड्या, इंजिनं, जनरेटर दुरुस्त करणारी ती शाखा. सतरा वर्षं नोकरी, त्यातली दोन लेहला. थंडीत डिझेल घट्ट झालं तरी गाडी सुरू करून देणारा माणूस. घरात मिक्सर बिघडला तर आम्ही दुकानात नेत नाही, कुंपणावरून पलीकडे देतो. तर हे गेले मेंटेनन्सच्या जागेसाठी.

"मेंटेनन्सचा साहेब खूश हो! आत फिरवून दाखवलं. एक कॉम्प्रेसर चालू होता, हे म्हणाले, ह्याचा व्हॉल्व्ह गेलाय. साहेबानं उघडून बघायला लावला, तर निघाला की गेलेला! मला वाटलं झालं काम. मग ती एचआरची पोरगी आली. म्हणते, अंकल, तुम्ही एक्स-सर्व्हिसमन ना, मग आमच्या सिक्युरिटीत सुपरवायझरची जागा आहे. ह्यांनी विचारलं, पगार? तर म्हणे, तुम्हाला पेन्शन असेलच ना!"

"मग साहेब काय म्हणाले?"

"काय म्हणणार? जय हिंद म्हणाले आणि आले घरी. आल्यापास्नं कुकरची शिट्टी दुरुस्त करत बसलेत. शिट्टी चांगली होती."

मी पूर्वी एका कारखान्याच्या टाइम ऑफिसात होते. तिथं अर्ज कसे वेगळे काढतात ते मी बघितलंय. वरच्या ओळीत मिलिटरी दिसलं की कागद सिक्युरिटीच्या फायलीत. खालची ओळ, जिथे डिझेल मेकॅनिक लिहिलेलं असतं, तिथपर्यंत कुणाची नजर जातच नाही. त्यात कुणाचा दुष्टावा नसतो. उलट साहेब मंडळी मोठ्या आदरानं बोलतात. शिस्तीचा माणूस, प्रामाणिक माणूस, चोरी होणार नाही. हा सगळा आदर गेटपास रजिस्टरपाशी येऊन थांबतो. आणि फौजी म्हणजे हुकूम पाळणार, डोकं चालवणार नाही, असा एक समज आहेच. त्या समजाला कॉम्प्रेसरचा व्हॉल्व्ह दिसत नाही.

आपणही कुठे वेगळे आहोत म्हणा. बाकी गावांत लोक माजी सैनिकाशी ओळख ठेवतात ती कॅन्टीनच्या बाटलीसाठी. इथं बाटली तशीही गल्लीत मिळते, म्हणून आम्ही कॅन्टीनच्या प्रेशर कुकरसाठी ठेवतो.

"केस करायची का?" हवालदारीणबाई म्हणाल्या. "तुम्ही वकिलाकडं असता ना?"

हो, आता मी सिल्वासात एका वकिलाकडे टायपिंग करते. त्यामुळे ओळीतल्या लोकांना वाटतं, मी अर्धी वकील आहे. वकिलालाही कधीकधी तसंच वाटतं. मी हात पुसले आणि कुंपणापाशी गेले.

"केस करायची तर कशाखाली करणार, वहिनी? बाई म्हणून पगार कमी दिला, तर कायदा आहे. अपंग म्हणून हाकललं, तर 2016 चा कायदा आहे. एचआयव्ही आहे म्हणून काढलं, तर 2017 चा आहे. तृतीयपंथी म्हणून नाकारलं, तर 2019 चा आहे. पण माजी सैनिक म्हणून खाजगी कंपनीनं आत घेतलं नाही, किंवा पेन्शन आहे म्हणून पगार पाडला, तर ते बेकायदा आहे असं सांगणारा कायदाच आपल्याकडे नाही."

"नाही म्हणजे? अख्ख्या देशात?"

"अख्ख्या देशात. राज्यघटनेतलं सोळावं कलम सरकारी नोकरीपुरतं. खाजगी मालकाला ते लागत नाही."

बाई क्षणभर गप्प झाल्या. हे तसं दुर्मीळच.

तेवढ्यात दुधाची पिशवी घेऊन गुरुजी आले. गुरुजी दापोलीकडचे, निवृत्त, मुलाकडे राहायला आलेले. कुठलाही विषय 1954 पासून सुरू करायची त्यांना सवय आहे. त्यांनी लगेच सांगितलं की हा आपला दादरा नगर हवेली सोडवला तो फौजेनं नव्हे, स्वयंसेवकांनी. सुधीर फडके होते त्यात, बाबासाहेब पुरंदरे होते. 2 ऑगस्टला सिल्वासा मुक्त झालं. "आणि आता बघा, खऱ्या फौजीला इथं काम मिळेना." मी म्हटलं, गुरुजी, विषय अजून कॉम्प्रेसरपाशी आहे.

पण एक कायदा खाजगी क्षेत्रातल्या माजी सैनिकाचं नाव घेतो, तो मी त्यांना सांगितला. 2005 चा, खाजगी सुरक्षा एजन्सींचा. त्यात लिहिलंय की गार्ड नेमताना फौजेत, नौदलात, हवाई दलात किंवा पोलिसात नोकरी केलेल्या माणसाला एजन्सीला प्राधान्य देता येईल.

"म्हणजे द्यावंच लागेल?" गुरुजींनी व्याकरण पकडलं.

"देता येईल, गुरुजी. द्यावंच असं नाही."

"आणि तेही वॉचमनच्याच जागेला!" हवालदारीणबाई उसळल्या. "म्हंजे सरकारानंच लिहून दिलंय, ह्यांची जागा फाटकावर!"

मला यावर उत्तर नव्हतं. कायद्याचा तसा हेतू नसेल, गार्ड चांगले मिळावेत एवढाच असेल. पण सगळ्या कायद्यांतून शोधून एकच दार सापडावं आणि ते फाटकाचं असावं, हे बाईंच्या रागाच्या बाजूनंच जातं.

"सरकारी नोकरीचं बघा मग," गुरुजी म्हणाले. तिथे मात्र सांगण्यासारखं बरंच आहे, आणि ते हवालदारसाहेबांना ऐकू जावं म्हणून मी मुद्दाम मोठ्यानं सांगितलं. केंद्र सरकारच्या गट क मधल्या थेट भरतीत माजी सैनिकांना 10 टक्के, पूर्वीच्या गट ड मध्ये 20 टक्के. राष्ट्रीयीकृत बँका आणि सरकारी कंपन्यांत साडेचौदा आणि साडेचोवीस टक्के. त्यातले साडेचार सेवेत अपंग झालेल्यांसाठी आणि लढाईत गेलेल्यांच्या घरच्यांसाठी. महाराष्ट्रात गट क आणि ड मध्ये 15 टक्के समांतर आरक्षण.

"वय झालं ना पण त्यांचं," बाई म्हणाल्या. "एकोणचाळीस."

"तोच तर हिशोब. 1979 चे नियम आहेत. वयातून फौजेतली वर्षं वजा, वर आणखी 3 वजा. 39 मधून 17 गेले, 3 गेले. किती राहिले?"

"एकोणीस," आतून आवाज आला. हवालदारसाहेब ऐकत होते तर.

"सरकारच्या लेखी तुमचा नवरा 19 वर्षांचा आहे, वहिनी!"

बाई लाजल्या आणि पदर सावरायला लागल्या. गुरुजींनी दुधाच्या पिशवीकडे बघितलं.

मग पदवीचा प्रश्न आला. हवालदारसाहेब दहावी झाले आणि भरतीला गेले. पण दहावी झालेल्या आणि 15 वर्षं फौजेत काढलेल्या माणसाला, पदवी लागते अशा गट क च्या राखीव जागेसाठीसुद्धा धरता येतं, जिथं तांत्रिक किंवा व्यावसायिक अनुभव अत्यावश्यक नसतो तिथं. हे जाहिरातीत बारीक अक्षरात असतं किंवा नसतंच. आणि पेन्शनचं म्हणाल, तर सरकारी नोकरीत पुन्हा लागलेल्या जवानाचा, अधिकारी हुद्द्याच्या खालच्यांचा, पगार ठरवताना त्यांची पेन्शन हिशोबात धरत नाहीत. सरकारनं जे सोडून दिलं, ते एचआरच्या पोरीनं पहिल्याच वाक्यात पकडलं.

एक फास मात्र आहे, तो सांगितलाच पाहिजे. माजी सैनिक म्हणून केंद्राची नागरी नोकरी एकदा धरली की आरक्षणापुरता तुमचा माजी सैनिकपणा संपतो. समजा घाईघाईनं शिपायाची जागा घेतली आणि दोन महिन्यांनी बँकेचा निकाल लागला, तर हात चोळत बसायचं. यावर 14 ऑगस्ट 2014 चं केंद्राच्या कार्मिक खात्याचं पत्रक आहे. रुजू होण्याआधी ज्या ज्या जागांना अर्ज केलेत, त्यांची तारीखवार यादी रुजू होताच साहेबाच्या हातात लेखी द्यायची. दिली, तर त्या अर्जांपुरता हक्क शाबूत राहतो. यादी दिली नाही म्हणून रडणारी माणसं आमच्या वकिलाच्या बाकावर येऊन बसतात. खाजगी कंपनीत काम केल्यानं मात्र हा हक्क जात नाही, म्हणून फाटकावर उभं राहिलात तरी अर्ज भरत राहा.

"पण एवढ्या जागा आहेत, तर माणसं दिसतात कुठं?" गुरुजींनी विचारलं. गुरुजींचे प्रश्न असे शेवटच्या बाकावरचे असतात, पण नेमके. 2022 साली पेपरात पुनर्वसन महासंचालनालयाचे आकडे आले होते. केंद्राच्या ज्या खात्यांनी माहिती दिली, तिथं गट क मध्ये माजी सैनिक सव्वा टक्क्याच्या आसपास, गट ड मध्ये पावणेतीन टक्क्यांच्या आत. आणि माहिती देणारी खाती निम्मीसुद्धा नव्हती. कारण विचारलं तर सांगतात, लायक उमेदवार मिळत नाहीत. उमेदवार आतल्या खोलीत कुकरची शिट्टी दुरुस्त करतोय.

गुरुजींनी आता पिशवी खाली ठेवली. याचा अर्थ ओळीत सगळ्यांना माहीत आहे.

"हे आजचं नाही, ताई. आमच्या दापोलीत फौजेतून पेन्शनीत आलेल्या महार मंडळींची वस्ती होती. महाडजवळच्या रावढळचे गोपाळबाबा वलंगकर त्यातलेच. 1886 साली फौजेतून निवृत्त झाले. पुढं नव्वदच्या सुमारास इंग्रजांनी महारांची फौजेतली भरतीच बंद केली. का, तर म्हणे ह्या लढवय्या जाती नव्हेत! बापजाद्यांनी ज्यांच्यासाठी लढाया मारल्या, त्यांनीच दार लावलं. फौज गेली म्हणजे नोकरी गेली, शाळा गेली, पेन्शन गेली. तेव्हा वलंगकरांनी 1894 साली विनंतीपत्र लिहिलं. आधी काय केलं ते सगळं मांडलं आणि मग मागणी. मागणी साधीच होती, आमची भरती पुन्हा सुरू करा."

"मग झाली?"

"पहिल्या महायुद्धात माणसं कमी पडली, तेव्हा 1917 साली पलटण उभी केली. युद्ध सरलं, 1921 साली मोडली. महार रेजिमेंट उभी राहिली ती 1941 साली, बेळगावात. दुसरं महायुद्ध चालू असताना."

"म्हंजे गरज पडली की आठवण," हवालदारीणबाई म्हणाल्या.

गुरुजी तेवढ्यावर थांबले नाहीत, आणि बरं झालं. मसूरची गोष्ट त्यांनी हवालदारीणबाईंकडे बघून सांगितली, कारण मसूर बाईंच्या माहेरच्या वाटेवर आहे. बाबासाहेब आंबेडकरांचे वडील सुभेदार रामजी सकपाळ निवृत्त झाले, दापोलीला राहिले, मग साताऱ्याला आले. पुढं खटाव तालुक्यात दुष्काळी कामावर रोखपालाची नोकरी मिळाली. 1901 च्या सुट्टीत त्यांनी मुलांना बोलावून घेतलं. भीमराव, त्यांचा भाऊ आणि भाचे. नवे कपडे घालून पोरं मसूर स्टेशनावर उतरली. पत्र वडिलांपर्यंत पोचलंच नव्हतं, त्यामुळे न्यायला कुणी आलं नाही. स्टेशन मास्तरनं चौकशी केली आणि जात कळताच त्याचा चेहराच बदलला. बाहेर बैलगाड्या होत्या, पण एकही गाडीवान तयार होईना. शेवटी दुप्पट भाडं आणि गाडी पोरांनीच हाकायची, या बोलीवर एकजण राजी झाला. बाबासाहेबांनी पुढं हे स्वतः लिहून ठेवलंय.

"सुभेदाराची पोरं हो ती," गुरुजी म्हणाले. "फौजेत ज्याला शेकडो माणसं सलाम ठोकायची त्याची."

हवालदारीणबाईंनी गाडीवानाला एक शिवी हासडली, अस्सल सातारी. सव्वाशे वर्षं उशिरा, पण पोचली असेल. आता कुणी म्हणेल, तो जातीचा प्रश्न, हा नोकरीचा, कशाला एकात एक घालता? प्रश्न वेगळे आहेत, मला मान्य आहे. आमच्या हवालदारसाहेबांना गेटवर पाठवणं आणि मसूरचं ते स्टेशन, यांची बरोबरी कुणी करू नये. मला त्यातलं एवढंच दिसतं की वर्दीचा मान वर्दीबरोबर खुंटीवर जातो. खाली राहतो तो कागद. वलंगकरांना हे कळलं होतं म्हणून त्यांनी नुसतं भाषण केलं नाही, अर्ज लिहिला.

कोपऱ्यावरच्या काकू आतापर्यंत कपडे वाळत घालण्याच्या निमित्तानं तिथंच होत्या. त्यांचा पुतण्या न्यू जर्सीत आहे, त्यामुळे कुठल्याही विषयात अमेरिका यायला फार वेळ लागत नाही. तिकडे म्हणे असा कायदा आहे. आहे खरा. 1994 पासून. फौजेत होतास किंवा राखीव दलात आहेस म्हणून नोकरी नाकारायची नाही, बढती अडवायची नाही, आणि बोलावणं आलं तर परत आल्यावर जागा द्यायची. मालक लहान असो, मोठा असो. टेक्सासच्या एका पोलीस शिपायाची फुप्फुसं इराकमधल्या कचरा जाळण्याच्या धुरानं गेली होती. त्यानं आपल्याच राज्य सरकारवर दावा लावला आणि 2022 साली त्यांच्या सुप्रीम कोर्टानं पाच विरुद्ध चार मतांनी सांगितलं की राज्यालाही या कायद्यातून सुटका नाही.

"आपल्याकडं असं काहीच नाही?" काकूंनी विजयी मुद्रेनं विचारलं.

"आहे की! आणि त्यांच्या त्या कायद्याआधीचं आहे." मला हे सांगताना बरं वाटलं. टेरिटोरियल आर्मीचा 1948 चा कायदा. त्यात पुढं घातलेलं सात-अ कलम. प्रादेशिक सेनेच्या माणसाला फौजेचं बोलावणं आलं की मालकानं रजा द्यायचीच आणि सेवा संपल्यावर पूर्वीपेक्षा वाईट नाही अशा अटींवर परत घ्यायचं. खाजगी मालकानंसुद्धा. घेतलं नाही, तर ठरवून दिलेल्या अधिकाऱ्याकडे जायचं. तो परत घ्यायला लावू शकतो किंवा सहा महिन्यांच्या पगारापर्यंत भरपाई द्यायला लावू शकतो. हे पुस्तकातलं जुनं कलम नाही. 6 मे 2025 च्या आदेशानं लष्करप्रमुखांना प्रादेशिक सेनेला बोलावण्याचे अधिकार दिले गेले, तेव्हा कितीतरी कारखान्यांत माणसं रजेचा अर्ज घेऊन उभी राहिली असतील.

हवालदारीणबाईंचा धाकटा दीर त्यातलाच आहे. "त्याला तर कंपनीनं सांगितलं, राजीनामा देऊन जा, आलास की बघू!"

"राजीनामा द्यायचा नाही, वहिनी! मेला तरी द्यायचा नाही. रजेचा अर्ज, बोलावण्याची प्रत जोडून, पोच घेऊन. आणि परत आल्यावर दोन महिन्यांच्या आत, मला कामावर घ्या असं लेखी. दोन महिने उलटले की मालकाला पळवाट मिळते."

"आणि मालकानं त्या अधिकाऱ्याचा हुकूमही नाही पाळला तर? दंड किती?" गुरुजी.

"एक हजार रुपयांपर्यंत."

कुंपणाच्या दोन्ही बाजूंनी सगळे हसले. आमच्या ओळीत गणपतीची वर्गणी याच्याहून जास्त आहे. पण भरपाई सहा पगारांची आहे आणि वर आमचं हायकोर्ट मुंबईचं आहे, ते विसरू नये.

हवालदारसाहेब एव्हाना बाहेर आले होते, हातात तीच शिट्टी. म्हणाले, "ताई, माझा एक दोस्त आहे. सेवेत पाय गेला. त्याला कंपनीवाल्यांनी दारातूनच परत पाठवला. त्याला तर माजी सैनिकाचा कायदा नको, तुम्ही म्हणालात तो दुसरा लागेल ना?"

बरोबर पकडलं त्यांनी. 2016 च्या अपंग हक्क कायद्याप्रमाणे प्रत्येक आस्थापनेनं समान संधीचं धोरण जाहीर करायचं असतं. वीस किंवा त्याहून जास्त माणसं असतील तर खाजगी कंपनीलाही कुठल्या जागा अपंगांना योग्य आहेत ते त्या धोरणात लिहावं लागतं. आमच्या औद्योगिक पट्ट्यात किती कंपन्यांनी ते लावलंय, हे मी टाइम ऑफिसात असताना शोधलं असतं तर बरी करमणूक झाली असती. दोस्तानं आधी ते धोरण लेखी मागावं. नाही म्हणाले तर तेही लेखी मागावं. एचआरला सर्वांत जास्त भीती लेखी नकाराची असते.

"आणि माझं?" हवालदारसाहेबांनी शेवटी विचारलंच.

त्यांचं असं की उद्या बायोडाटा पुन्हा टाइप करायचा, मी करून देते. पहिल्या ओळीत डिझेल आणि हेवी व्हेइकल मेकॅनिक, सतरा वर्षांचा अनुभव. फौजेतले ट्रेडचे दाखले जोडायचे. मिलिटरी शेवटच्या पानावर, जिथं आवडीनिवडी लिहितात तिथं. हवालदारीणबाईंना हे पटलं नाही. "लाज वाटल्यागत काय लपवायचं? देशासाठी सतरा वर्षं दिली ती शेवटच्या पानावर?" बाई बरोबर आहेत. पण नोकरी हवी असेल तर ती शेवटच्या पानावरच जातील, आणि यापेक्षा जास्त मी या व्यवस्थेबद्दल काही बोलत नाही. शिवाय सातारच्या जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयात नाव नोंदलेलं आहे का ते बघायचं, आणि केंद्राची, बँकेची, महाराष्ट्राची जाहिरात दिसली की अर्ज. एकोणीस वर्षांच्या माणसानं एवढं करायला काय हरकत आहे.

जाता जाता बाईंनी भाच्याचं काढलं. अग्निवीर आहे, पहिल्या तुकडीतला. 2026 च्या अखेरीपासून ही पोरं चार वर्षं संपवून बाहेर पडायला लागतील, शंभरातली जास्तीत जास्त पंचवीस आत राहतील. केंद्रीय सशस्त्र पोलीस दलांत त्यांच्यासाठी 10 टक्के जागा राखण्याचं सरकारनं 2022 सालीच जाहीर केलंय. पण त्यांना पेन्शन नाही, आणि आज मी कुंपणावरून सांगितलेल्या 1979 च्या नियमांतल्या माजी सैनिकाच्या व्याख्येत ती बसत नाहीत. तेव्हा ज्यांच्या घरी असा पोरगा आहे, त्यांनी त्याला आत असतानाच सांगून ठेवा, जो ट्रेड शिकलास त्याचा दाखला सही-शिक्क्यानिशी घेऊन ये.